कोरे अप्पांची मोट

आमच्या कौठवाडीच्या शाळेत कुणी काहीही सांगायला आलं की कोरे अप्पांचा प्रश्न ठरलेला. "स्वतः पाहिलं का?" पोरगं रडत आलं, गुरुजी, माझी पाटी फोडली यानं. स्वतः पाहिलं का? सरपंच म्हणाले, तपासणीला साहेब निघालेत. स्वतः पाहिलं का? एकदा त्यांच्या धाकट्या भावाचं लग्न ठरलं आणि पाव्हणे सांगायला लागले, पोरगी सुगरण आहे, तर हा माणूस भर बैठकीत तेच विचारून बसला. पाव्हणे रागावले. मग अप्पांना पोरीकडे जाऊन दोन वेळा जेवावं लागलं, तेव्हा कुठं लग्न लागलं.

मी नांदेडची. लग्न होऊन अहमदपूरला आले आणि तिथून कौठवाडीला मास्तरीण म्हणून रुजू झाले. गाव लोह्याच्या शिवेला टेकलेलं, त्यामुळे निम्म्या गावाच्या लेकी पलीकडे लोह्याकडे दिलेल्या. रुजू झाल्याच्या दुसऱ्याच दिवशी शाळेतल्या बायांनी मला बजावलं, शाळेमागच्या विहिरीवर दिवेलागणीला जाऊ नका, तिथं काहीतरी आहे. मी आपली भोळेपणानं अप्पांना म्हणाले, विहिरीवर म्हणे काहीतरी आहे. ते लगेच, "स्वतः पाहिलं का?"

"न्हाई बा."

"मग चला."

अंधारून येत होतं. मी जीव मुठीत धरून त्यांच्या मागं. विहिरीच्या काठावर बसलो, तर खरंच आत डुबुक झालं. माझी पाचावर धारण बसली. अप्पांनी बॅटरी मारली. खालच्या पायरीवरून एक म्हातारं कासव पाण्यात पडत होतं. पुन्हा वर चढायचं, पुन्हा पडायचं. "हे तुमचं भूत, बाई. आता गावाला सांगा." मी सांगितलं. गाव खूश व्हायच्या ऐवजी नाराज झालं. इतक्या वर्षांचं भूत आमच्यामुळे गेलं, असं तोंडावर म्हणाले लोक.

अप्पा म्हणजे गुरुलिंगअप्पा कोरे. जातीचे लिंगायत, घरचं किराणा दुकान भावाला सोडून मास्तर झालेले. कपाळावर विभूतीचे तीन पट्टे, पांढरी टोपी, आणि सायकलला घंटी नाही, कारण तोंडानं "बाजू" म्हटलं की भागतं असं त्यांचं म्हणणं. शाळा शिकले मोगलाईत, निजामाच्या राज्यात. "हिशेब उर्दूत, वचनं कन्नडात आणि भांडण मराठीत," असं स्वतःच सांगायचे. वहीत चूक दिसली की अजूनही तोंडातून "बिल्कुल गलत" निघायचं, आणि पोरांना वाटायचं ती एखादी शिवी आहे. सकाळची पूजा झाल्याशिवाय पाणीसुद्धा घ्यायचे नाहीत. मी एकदा चिडवलं त्यांना, अप्पा, सगळ्यांना विचारता, देव तुम्ही स्वतः पाहिलाय का? गळ्यातल्या इष्टलिंगाच्या चांदीच्या डबीला हात लावून म्हणाले, "हाव. रोज सकाळी. तळहातावर घेऊन बसतो की." मग माझ्याकडे बघून हसले. यापुढं काय बोलणार?

असा हा माणूस. आणि याच माणसानं आयुष्यात एकदा, ऐन बहात्तरच्या दुष्काळात, एक गोष्ट स्वतः न पाहता, मनानंच रचून सांगितली. ती पुढं त्यांच्या मानगुटीवर बसली.

त्या दुष्काळात शाळा ओस पडली होती. सगळं गाव पाझर तलावाच्या कामावर. आया खडी फोडायच्या, पोरं तिथंच धुळीत. अप्पा म्हणाले, पोरं शाळेत येत नाहीत तर शाळा तिकडं नेऊ. मग आम्ही दोघांनी बांधाखालच्या एका लिंबाखाली वर्ग भरवला. फळा बैलगाडीतून नेला. सुकडी वाटून झाली की पाढे. दिवस मावळला तरी कुणी घरी जायचं नाही, कारण पाण्याचा टँकर तिथंच यायचा आणि यायची वेळ त्याची त्यालाच माहीत. ती वाट बघायची वेळ फार वाईट. बाया बोलायच्या नाहीत. घागरी ओळीनं लावलेल्या आणि सगळ्या रिकाम्या.

अप्पा त्या वेळात पोरांना तारे दाखवायचे. आकाशाचं त्यांना भारी वेड. उन्हाळ्याचे दिवस सरत आलेले, आभाळ कोरडं ठाक, त्यामुळे तारे मात्र भरपूर. हा हस्त, ही चित्रा, ती स्वाती. एक दिवस गयाबाई उठून त्यांच्यापुढं उभी राहिली.

गयाबाईचं सांगायला पाहिजे. पंचविशीची असेल तेव्हा. नवरा सर्पदंशानं गेलेला, पदरात एक पोरगी, आणि माळाला लागून जमीन. ती जमीन बाईमाणसाला झेपणार नाही, ती आपल्याकडं यावी म्हणून दीर टपलेला. गयाबाईची जीभ अशी तिखट की मुकादमसुद्धा तिच्याशी बेतानं बोलायचा.

"गुरुजी, रोज वर बघून राहिलाव. मग सांगा की पाऊस कवा येणार."

अप्पा म्हणाले, "ताऱ्यांचा आणि पावसाचा काही संबंध नाही, बाई. ते लई लांब आहेत. मृगात पाऊस येतो कारण तेव्हा पावसाचे दिवस असतात. तारे फक्त दिवस सांगतात."

"मग पाऊस न्हाई, पाणी न्हाई, कशाला बघायचं वर? पोरांच्या माना दुखायला?"

तिची पोरगी मांडीवर झोपली होती, ओठ फुटलेले. बाकीच्या बायाही बघायला लागल्या. अप्पांच्या तोंडावरचा रंग मी पाहिला. या माणसाकडं खरं उत्तर होतं आणि ते कुणाच्याच कामाचं नव्हतं. मग अप्पांनी हात वर केला.

"त्या दक्षिणेच्या चार चांदण्या बघा. चौकोनी. ती मोट हाय."

"कशाची मोट?"

"पाण्याची मोट. वर डावीकडं ती ठसठशीत चांदणी, ते चाक. चाकापासून मोटेपर्यंत नाडा. डोक्यावर तो तांबूस तारा, तो बैल. मोट आत्ता विहिरीत बुडालीय, भरून राहिलीय. म्हणून सरळ उभी दिसते. आषाढात बघा, पश्चिमेला जाऊन आडवी होते. मोट कलली की पाणी."

मी तोंडात बोट घालून बघत राहिले. हस्ताच्या चार चांदण्या, चित्रेचं चाक, स्वातीचा बैल. तारे सगळे खरे. आषाढात संध्याकाळी हस्त पश्चिमेला झुकतो तेही खरं. मोट मात्र साफ खोटी. गयाबाईनं वर बघितलं, बराच वेळ बघितलं आणि पोरीला उठवून म्हणाली, "ऊठ गं, मोट बघ." सगळ्या बायांनी माना वर केल्या. टँकर येईपर्यंत बोलणं सुरू राहिलं, बैल कुणाचा, मोट कातड्याची की लोखंडाची. परत येताना अप्पा म्हणाले, "बाई, आज मी बिल्कुल गलत सांगितलं." मी म्हणाले, जाऊ द्या हो, बाया हसल्या तरी.

आणि त्या वर्षी नेमका पाऊस चांगला झाला. मोट कलायला लागली आणि आभाळ फाटलं. मग काय विचारता!

चार-पाच वर्षांत मोटेनं गाव घेतलं. आषाढात मोट कलली की बाया उंबऱ्यावर तांब्या आडवा करून पाणी सोडायच्या, मोटेला धपाट्यांचा आणि दह्याचा निवद. मग गोष्टी चिकटल्या. मोट महादेवाची झाली, बैल नंदी झाला, नाडा धरून पार्वती उभी राहिली. तिच्या हाताला घट्टे पडले म्हणून ती आषाढात एक दिवस विसावा घेते, तेवढ्यात मोट कलते. हे कुणी जोडलं देव जाणे. पलीकडं दिलेल्या लेकींनी मोट लोह्याकडं नेली. मी एकदा लोह्याच्या बाजारात बांगड्या भरत होते, तर बांगडीवाली मला सांगते, "बाई, तुमच्याकडं मोट कलली का? आमच्याकडं कलली." मी हसून लोटपोट. अप्पांना येऊन सांगितलं, तर त्यांना आधी गंमत वाटली. पोरांना हस्त, चित्रा, स्वाती न शिकवता ओळखू येतात, म्हणाले, यापेक्षा मास्तराला काय पाहिजे. पण मग धोंडिबा पाटलांनी, ऐंशीला टेकलेला माणूस, पारावर सांगितलं की मोट मला माझ्या आज्यानं दाखवली होती. अप्पा तिथंच बसलेले. विचारलं, "पाटील, स्वतः पाहिलं का?" पाटील म्हणाले, "आज्याच्या खांद्यावर बसून." त्या दिवसापासून अप्पांनी मोट म्हणणं सोडलं. कुणी म्हणालं की दुरुस्त करायचे, हस्त म्हणा, हस्त.

मग लातूर जिल्हा झाला. उस्मानाबाद लांब पडायचं, आता कचेरी जवळ आली म्हणून गावात पेढे वाटले. आमच्या शिवेच्या पलीकडं नांदेड, अलीकडं लातूर. अप्पा मला म्हणायचे, बाई, तुमचं माहेर म्हणजे परका जिल्हा. नवा जिल्हा म्हटला की तिसरीला नवा भूगोल पाहिजे, जिल्ह्याची नदी, पीक, चालीरीती. त्यासाठी काही जुन्या शिक्षकांना लातूरला बोलावलं, त्यात अप्पा. काय आनंद झाला होता त्यांना! आयुष्यभर दुसऱ्यांची पुस्तकं शिकवली, आता एका पुस्तकाच्या मागच्या पानावर आपलं नाव येणार. नवं धोतर घेतलं. सायकलला घंटीसुद्धा बसवली.

लातूरहून आले ते तोंड पाडून. कुणीतरी आधीच धडा लिहून ठेवला होता आणि त्यात एक ओळ होती की अहमदपूरकडचे शेतकरी पूर्वापार मोट नावाचं नक्षत्र पाहून पावसाचा अंदाज घेतात.

"पूर्वापार, बाई! मी साहेबांना म्हटलं, हे मी बनवलंय. टँकरची वाट बघताना. तर साहेब म्हणाले, कोरे गुरुजी, तुमचा विनय मोठा आहे. मी म्हटलं, विनय कसला, खोटं आहे ते. ते म्हणाले, पण आम्ही गावात माणूस पाठवून विचारलं, ऐंशी वर्षांचे गृहस्थ सांगतात. आता मी खोटं सांगितलं याला मी पुरावा कुठून आणू?"

मला हसू आवरेना. ते काही हसले नाहीत.

त्यांचा जीव खरा टांगणीला लागला तो पुढच्या मृगात. मृग चांगला बरसला. जमीन ओली झाली, गावात पेरणीच्या तिफणी निघाल्या. मूग, उडीद, हायब्रीड ज्वारी, सगळ्यांची घाई. एकटी गयाबाई बसून. आदल्या साली मृगात पेरलं आणि पावसानं ओढ दिली, बी जळालं होतं तिचं. आता म्हणायची, मोट कलल्याबगर बी मातीत घालणार न्हाई. मोट कलणार आषाढात, आणि तोवर मूग-उडदाची वेळ निघून जाणार. दीर गावभर सांगत सुटला की यंदा रान पड राहिलं की मी ताब्यात घेतो, बाईनं खुशाल लातूरला डाळमिलमध्ये जावं. पोरगी लग्नाला आलेली.

अप्पांना हे कळलं तेव्हा आमची शाळा सुटत होती. तसेच निघाले. "बाई, तुम्ही साक्षीदार आहात, चला." मी गेले. गयाबाई अंगणात बी निवडत बसली होती.

अप्पांनी आडपडदा ठेवला नाही. म्हणाले, "गयाबाई, मोट खोटी हाय. त्या दिवशी मी मनानं रचली. ते हस्त नक्षत्र. त्याचा पावसाशी काही संबंध नाही. पेरा."

गयाबाईनं माझ्याकडं बघितलं. मी मान हलवली. ती म्हणाली, "गुरुजी, माझी लेक मरायला टेकली होती तवा तुम्ही मोट दावली. पाऊस आला. तवा तुम्ही खरं बोललाव का आज खरं बोलून राहिलाव?"

"आज."

"मग तवा का बोललाव?"

तुमच्या पोरीचे फुटलेले ओठ बघवले नाहीत, हे साधं उत्तर होतं, पण त्या पिढीच्या मास्तराच्या तोंडातून ते निघत नसतं. गयाबाई सूप आपटून म्हणाली, "मला तुमचं पयलं बोलणं पुरतं."

संध्याकाळी त्यांनी पारावर सगळ्या गावापुढं सांगितलं. हात जोडून, टोपी काढून. लोकांना काय वाटलं असेल? वाईट वाटलं. धोंडिबा पाटील तर चिडलेच, म्हणाले, माझा आजा खोटा का? कुणी म्हणालं, लातूरच्या साहेबांनी पढवलंय. कुणी म्हणालं, मोटेची चेष्टा करू नका गुरुजी, पाऊस मागं फिरेल. एका म्हातारीनं तर दृष्ट काढायला मीठ-मोहरी आणली. अप्पा पारावरून उतरले आणि सायकल हातात धरून चालत घरी गेले. मला त्यांची इतकी दया आली की रडू फुटलं. हा माणूस साऱ्या जन्मात एकदा खोटं बोलला, आणि आता खरं सांगतोय तर ऐकायला कुणी तयार नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी पूजा होते न होते तोच माझ्या दारात. डोळे लाल. "बाई, चला गयाबाईकडं. आता भांडायचं नाही. फक्त विचारायचं."

गयाबाई आम्हाला बघून कपाळाला हात लावून म्हणाली, "आलाव परत?"

अप्पा जोत्यावर बसले. म्हणाले, "गयाबाई, तुमच्या माहेरी मोट होती का?"

"हुती की. बाप हाकायचा. मी आन् माय दारं धरायचो."

दारं धरायचं म्हणजे पाट फोडून पाणी एका वाफ्यातून दुसऱ्या वाफ्यात घ्यायचं. आमच्याकडं शेतकऱ्याच्या लेकीला हे सांगावं लागत नाही.

"मोट थारोळ्यात कलली, पाणी पाटाला लागलं, की मग तुम्ही घरनं निघायचा का रानात?"

"मग निघून काय करता? पाणी वाया जाईल की. मोट वर यायच्या आधीच उभं राहावं लागतं, वाफं तयार पायजेत, बी..." आणि ती थांबली.

गयाबाईनं सुपातलं बी बोटांनी सारखं केलं. मग आत तोंड करून पोरीला हाक मारली, "ये, तिफण कुणाची मोकळी हाय बघून ये गं. आपलं दारं धरायचं राहिलंय."

परत येताना अप्पा खूश दिसतील असं मला वाटलं होतं. ते म्हणाले, "बाई, मी खोटं काढायला गेलो आणि त्याला ठिगळ लावून आलो." मी वैतागले. म्हणाले, पुरे आता! बाई पेरतीय, तिचं रान राहतंय, अजून काय पाहिजे तुम्हाला? ते म्हणाले, "तुमचं बराबर आहे." पण ते मनातून नव्हतं.

गयाबाईच्या रानात त्या वर्षी मूग बरा झाला, फार नाही. दीर गप्प बसला. पुढच्या वर्षी पोरीचं लग्न झालं, त्यात अप्पांना पहिल्या पंगतीला बसवलं. भूगोलाच्या पुस्तकातून मात्र मोट काढली गेली. अप्पांनी लातूरला इतके हेलपाटे घातले, साहेबांच्या खोलीबाहेर इतके दिवस बसून राहिले, की शेवटी साहेब कंटाळून म्हणाले, काढा ती ओळ, आणि या गुरुजींचं नावही काढा. दोन्ही काढलं. पुस्तक आलं तेव्हा अप्पांनी मागचं पान बघितलंसुद्धा नाही. सरळ नदीच्या धड्यावर गेले आणि छापलेल्या नकाशातली चूक शोधून "बिल्कुल गलत" म्हणाले.

निवृत्त झाल्यावर ते लातूरला मुलाकडं राहायला गेले. मी बदलीवर बदली घेत शेवटी पुन्हा कौठवाडीलाच आले. गयाबाई म्हातारी झाली, पण दर साली मृगात गावात पहिली पेरणी तिची. पुढं पाऊस पडो न पडो, ओल दिसली की तिफण. लोक विचारायचे, मोट कलली न्हाई अजून. ती म्हणायची, मी दारं धरून हाय.

त्यांची-माझी शेवटची भेट आषाढातली. त्या साली मृग कोरडाच गेला होता आणि सगळ्यांच्या तोंडचं पाणी पळालं होतं. लातूरला भाचीकडं बारसं होतं म्हणून गेले, तशी अप्पांकडंही गेले. दोन्ही डोळ्यांना काचबिंदू, जवळजवळ काही दिसत नव्हतं. मुलाच्या गच्चीवर खुर्ची टाकून बसले होते. विभूती तशीच, तीन पट्टे. खाली रस्त्यावर रिक्षांचा नुसता कलकलाट, आणि कुठल्या तरी क्लासची सुटलेली पोरं.

"कोण?"

"मी. नांदेडच्या बाई."

"नांदेडच्या बाई. लातूरात. आता चालतं का तुम्हाला परक्या जिल्ह्यात?"

मी त्यांच्या हातात मुगाची पिशवी दिली. म्हणाले, गयाबाईनं पाठवलेत, मागच्या सालचे. आणि निरोप दिलाय, गुरुजींना सांगा, यंदाबी दारं धरलंय.

त्यांनी पिशवी मांडीवर घेतली. तोंड उघडून थोडे मूग तळहातावर घेतले, बोटांनी चाचपले. सकाळच्या पूजेला जसा हात धरतात तसा हात होता. डोळ्यांतून पाणी येत होतं. काचबिंदूचं म्हणा, नाहीतर आणखी कशाचं. मीही पदरानं डोळे पुसले, लपवायचं काय त्यात.

दिवेलागण झाली. मी उठणार, तेवढ्यात त्यांनी मान वर केली, दक्षिणेकडून जरा पश्चिमेला, बरोबर तिथंच.

"बाई, मोट कलली का हो?"

इतक्या वर्षांनी त्यांच्या तोंडून तो शब्द ऐकला. मी वर बघितलं. आभाळ काळंभोर, एकसुद्धा चांदणी नाही. खोटं सांगायचं माझ्या जिवावर आलं.

"काही दिसत नाही, अप्पा. नुसते ढग आलेत."

"ढग आलेत?"

"हाव. भरून आलंय."

ते खुर्चीत मागं टेकले आणि मुठीतले मूग पिशवीत परत सोडले.

"मग कललीच असणार," म्हणाले.